कॉम्पॅक्ट एसयूव्हीचं खरं ॲव्हरेज: मोजायचं कसं, गळती शोधायची कुठे, वाढवायचं कसं

ब्रेझा, नेक्सॉन, व्हेन्यू, सोनेट या चार मीटरच्या आतल्या पेट्रोल गाड्यांच्या माहितीपत्रकात लिटरला १७ ते २० किलोमीटर असा आकडा असतो. मराठवाड्यात यातलीच एखादी गाडी मे महिन्यात छत्रपती संभाजीनगरच्या जालना रोडवर ९ ते ११ देते. गेवराई-बीड-धाराशिव हा चौपदरी रस्ता ८५-९० ने धरला तर १८ च्या आसपास देते. समृद्धीवर १२० वर काटा रोखून ठेवला तर १३-१४ वर येते. हे तिन्ही आकडे एकाच धडधाकट गाडीचे असू शकतात. त्यामुळे ‘गाडी किती देते’ या प्रश्नाला उत्तर मिळवायचं तर रस्ता, वेग आणि महिना सांगावाच लागतो. तो न सांगता गॅरेजला गेलात तर मिस्त्री प्लग बदलेल, थ्रॉटल साफ करेल, बिल देईल आणि ॲव्हरेज होतं तिथेच राहील.

माहितीपत्रकातला आकडा खोटा नसतो, तो वेगळ्या परिस्थितीतला असतो. गाडी प्रयोगशाळेत रोलरवर चढवतात आणि सुमारे २० मिनिटांचं एक ठरलेलं चक्र चालवतात. त्यात सरासरी वेग ताशी ३० किलोमीटरच्या आसपास असतो आणि सर्वाधिक वेग ९०. एसी बंद. वारा नाही, चढ नाही, मागे सामान नाही, पुढे उसाची ट्रॉली नाही. बेचाळीस अंशांत चार माणसं आणि चालू एसी घेऊन निघालेल्या गाडीने तो आकडा गाठावा ही अपेक्षाच चुकीची. निरोगी पेट्रोल गाडीने मिश्र वापरात छापील आकड्याच्या पाऊण भागापर्यंत पोहोचावं, आणि मोकळ्या रस्त्यावर ८० च्या स्थिर वेगाला त्याच्या बरोबरीला यावं. यापेक्षा बरंच कमी येत असेल तर मात्र शोध घ्यायला हवा.

आधी मोजमाप नीट करा

डॅशबोर्डवरचा आकडा बऱ्याच गाड्यांत खऱ्यापेक्षा ५ ते १० टक्के जास्त दाखवतो. रोजची तुलना करायला तो उपयोगी आहे, हिशोबाला नाही. हिशोबासाठी टाकी ते टाकी मोजा.

पंपावर नोझल पहिल्यांदा आपोआप बंद पडलं की तिथेच थांबा. ‘राउंड फिगर करा’ म्हणून पुढे दाबत बसू नका. त्याने मोजणी चुकते, शिवाय जादा पेट्रोल टाकीच्या वाफा शोषणाऱ्या कोळशाच्या डब्यात जाऊ शकतं आणि तो डबा खराब झाला की गाडी भरल्यानंतर लवकर सुरू न होण्याचा त्रास सुरू होतो. ट्रिप मीटर शून्य करा. निम्म्यापेक्षा जास्त टाकी संपेपर्यंत गाडी चालवा. मग त्याच पंपावर, शक्यतो त्याच नोझलवर, पुन्हा पहिल्या कटऑफपर्यंत भरा. समजा ४१२ किलोमीटर झाले आणि २७.६ लिटर बसलं, तर ॲव्हरेज १४.९. एका टाकीवर विश्वास ठेवू नका. टाकी भरताना गाडी किंचित तिरकी उभी असली तरी एक-दीड लिटरचा फरक पडतो. सलग तीन टाक्यांचे किलोमीटर एकत्र करा, लिटर एकत्र करा, मग भागा.

टायरचा आकार कंपनीच्या आकारापेक्षा मोठा केला असेल तर एक जास्तीची पायरी आहे. मोठ्या टायरवर चाक तेवढ्याच अंतरात कमी वेळा फिरतं, म्हणून ओडोमीटर प्रत्यक्षापेक्षा कमी किलोमीटर मोजतो आणि ॲव्हरेज आहे त्याहून वाईट दिसतं. राष्ट्रीय महामार्गावर किलोमीटरच्या दगडांवर किंवा मोबाइलच्या जीपीएसवर २० किलोमीटर मोजून ओडोमीटरशी ताडा. फरक ३ टक्के असेल तर पुढचा प्रत्येक हिशोब तेवढ्याने दुरुस्त करा.

पंपावर शंका असेल तर पाच लिटरचं प्रमाणित माप मागा. ते प्रत्येक पंपावर ठेवावंच लागतं आणि ग्राहकाला मोजून बघण्याचा हक्क आहे. पाच लिटरमागे २५ मिलिलिटरपर्यंतची चूक नियमात बसते. त्यापेक्षा कमी भरलं तर वैधमापनशास्त्र विभागाकडे तक्रार करा. सकाळी गार असताना भरलं की जास्त पेट्रोल मिळतं ही समजूत मात्र सोडून द्या. पंपाच्या टाक्या जमिनीखाली असतात, तिथलं तापमान सकाळ-दुपारमध्ये फारसं हलत नाही.

आता वहीत किंवा मोबाइलमध्ये प्रत्येक टाकीपुढे चार गोष्टी लिहा: शहर किती, हायवे किती, हायवेवरचा नेहमीचा वेग, एसी किती वेळ. कुठल्या दिशेला गेलात तेही लिहा, कारण मराठवाडा वाटतो तितका सपाट नाही. छत्रपती संभाजीनगर समुद्रसपाटीपासून सुमारे ५७० मीटरवर आहे आणि नांदेड सुमारे ३६० वर. नांदेडहून वर येताना फक्त ही उंची चढायला साधारण पाव ते तृतीयांश लिटर जास्त लागतं. जून-जुलैत पश्चिमेचा वारा जोरात असतो, तेव्हा हा फरक आणखी वाढतो. म्हणून जाण्याचं ॲव्हरेज वेगळं आणि येण्याचं वेगळं सांगण्यात अर्थ नाही, येऊन-जाऊन एकत्र धरा.

किलोमीटरऐवजी लिटरमध्ये विचार करा

‘लिटरला किती किलोमीटर’ हे माप बचतीच्या बाबतीत फसवं आहे. शहरात १० चे १२ झाले, तर १०० किलोमीटरमागे १० लिटरऐवजी ८.३ लागतात, म्हणजे १.७ लिटर वाचलं. हायवेला १८ चे २० झाले, तर ५.६ ऐवजी ५, म्हणजे जेमतेम ०.६ लिटर. वाढ दोन्हीकडे ‘दोनने’ झाली, पण शहरातली वाढ जवळपास तिप्पट पैशाची आहे. म्हणून जिथे ॲव्हरेज सगळ्यात वाईट आहे तिथून सुरुवात करा. महिन्याला १,००० किलोमीटर चालणारी गाडी १३ वरून १६ वर आली की साधारण साडेचौदा लिटर वाचतं. लिटरला १०५ रुपये धरले तरी महिन्याचे दीड हजार होतात. परभणी-नांदेडकडे तेल कंपन्यांच्या डेपोपासूनच्या अंतरामुळे पेट्रोल चढ्या भावानेच मिळतं, तिथे थोडे जास्तच.

वेग

समृद्धीवर मोटारींना ताशी १२० ची मर्यादा आहे. मर्यादा आहे म्हणून १२० ने जाणं परवडतंच असं नाही. हवेचा रोध वेगाच्या वर्गाने वाढतो. ८० च्या तुलनेत १२० ला तो सव्वादोन पट होतो. कॉम्पॅक्ट एसयूव्ही उंच आणि समोरून चपट्या नाकाची असते, त्यामुळे हॅचबॅकपेक्षा तिला हा फटका जास्त बसतो. सुमारे १,२०० किलो वजनाच्या पेट्रोल गाडीचा ढोबळ हिशोब असा: सपाट रस्त्यावर स्थिर ८० ला लिटरमागे २०, १०० ला साडेसोळा ते सतरा, १२० ला साडेतेरा.

याचा व्यवहारातला अर्थ बघा. १०० किलोमीटर अंतर १०० ने एका तासात होतं, १२० ने पन्नास मिनिटांत. ही दहा मिनिटं वाचवायला सुमारे दीड लिटर पेट्रोल जास्त जळतं, म्हणजे दीडशे-एकशेसाठ रुपये. दवाखान्याची घाई असेल तर ते द्यावेत. जालन्याहून नागपूरला लग्नाला निघाला असाल तर ९५-१०० हा वेग गाडीला, टायरला आणि खिशाला मानवतो. १०० ने जाताना समोरून २० च्या वेगाचा वारा असला, तर हवेच्या दृष्टीने गाडी १२० नेच चालली आहे. पावसाळ्याच्या तोंडावर पश्चिमेकडे येताना ॲव्हरेज अचानक पडलं तर गाडीत बिघाड शोधण्याआधी वारा आठवा.

क्रूझ कंट्रोल, म्हणजे ठरवलेला वेग आपोआप टिकवणारी सोय, सपाट रस्त्यावर चांगला. चढ-उताराच्या पट्ट्यात तो बंद करून पायाने चालवलेलं बरं, कारण क्रूझ चढावर वेग टिकवायला जोरात पेट्रोल ओततो. पायाने चालवताना चढावर ८-१० ने वेग पडू द्या, उतारावर तो आपोआप परत येतो.

छतावरचं कॅरिअर काम झालं की उतरवा. रिकाम्या कॅरिअरनेही हायवेला दोन ते पाच टक्के जातात, सामान बांधलेलं असेल तर दहाच्या वर. पाठीमागे कायमचं पडून असलेलं सामान हा वेगळा मुद्दा आहे. शंभर किलो जादा वजन शहरात पाच टक्क्यांच्या आसपास खातं. पेरणीच्या दिवसांत मागे राहिलेली खताची दोन गोणी तेवढी भरतात.

स्पीडब्रेकर, फाटे आणि ट्रॉल्या

मराठवाड्यातल्या राज्य रस्त्यांवर पेट्रोल सर्वांत जास्त कुठे जातं, तर गावागावातल्या स्पीडब्रेकरवर. याचा आकडा काढता येतो. माणसांसकट साडेतेराशे किलोची गाडी ८० वरून २० वर आणायची आणि परत ८० वर न्यायची, तर त्या परतीच्या वेगासाठी सुमारे ४० मिलिलिटर पेट्रोल लागतं. वाटेत असे पंचवीस स्पीडब्रेकर लागले की एक लिटर फक्त ब्रेकच्या उष्णतेत गेलं. स्पीडब्रेकर आपल्या हातात नाहीत, पण त्यांच्याकडे कसं जायचं ते आहे.

गावाची पाटी, एसटीचा थांबा किंवा शाळेचा फलक दिसला की ॲक्सिलरेटरवरून पाय पूर्ण काढा, गाडी गिअरमध्येच राहू द्या. इंजेक्शनच्या इंजिनात पाय काढलेला असेल, गाडी गिअरमध्ये असेल आणि इंजिनाचे मिनिटाला फेरे (आरपीएम) साधारण १,२०० ते १,५०० च्या वर असतील, तर गाडीचा संगणक पेट्रोलचा पुरवठा पूर्ण बंद करतो. म्हणजे ते दोन-तीनशे मीटर फुकट जातात. वेग उतरत गेला की एकेक गिअर खाली घ्या आणि ब्रेक शेवटच्या तीस-चाळीस मीटरसाठी ठेवा. मागे वाहन चिकटून असेल तर ब्रेक हलका टेकवून दिवा लावून दाखवा.

न्यूट्रल टाकून उतरण्याची सवय इथे खोलवर रुजलेली आहे, मांजरसुंब्याच्या घाटात आणि कन्नडच्या औट्रम घाटात तर हमखास. ही सवय सोडा. न्यूट्रलमध्ये इंजिन स्वतःला चालू ठेवायला पेट्रोल घेतच राहतं, गिअरमध्ये उतरताना ते शून्य असतं. त्याहून महत्त्वाचं म्हणजे न्यूट्रलमध्ये सगळा भार ब्रेकवर येतो, ब्रेक तापतात आणि घाटाच्या तळाशी गरजेच्या वेळी पकडत नाहीत. आणि इंजिन बंद करून उतरणं हा तर जिवाशी खेळ आहे: ब्रेकची व्हॅक्युम मदत दोन-तीन दाबांत संपते, पॉवर स्टिअरिंग जड होतं.

दिवाळीनंतर ऊसतोड सुरू झाली की लातूर, बीड, धाराशिव, परभणीच्या रस्त्यांवर जोडट्रॉल्यांच्या मागे अडकणं रोजचं होतं. तिथे पेट्रोल जातं ते दहा-दहा मीटर पुढे सरकून पुन्हा ब्रेक मारण्यात. पाच-सहा गाड्यांचं अंतर ठेवा, दुसऱ्या किंवा तिसऱ्या गिअरमध्ये ट्रॉलीच्या वेगाने एकसारखं चला. पुढचा रस्ता मोकळा दिसला की एक गिअर खाली घेऊन ठामपणे पुढे काढा. ओव्हरटेक करताना वाचवायला जाऊ नका, विरुद्ध बाजूला जास्त वेळ राहणं धोक्याचं आहे आणि त्या चार सेकंदांत जाणारं पेट्रोल नगण्य आहे.

गिअर बदलण्याचं ढोबळ माप: साध्या १.२ किंवा १.५ लिटर पेट्रोलला २,००० ते २,३०० फेऱ्यांना वरचा गिअर. एक लिटर, तीन सिलिंडरच्या टर्बोला (इंजिनात जादा हवा दाबून ताकद वाढवणाऱ्या गाडीला) १,५०० च्या खाली चौथ्या-पाचव्यात ओढायला लावू नका. टर्बो जागा नसतो, पाय खोल जातो, इंजिन ठोकायला (नॉकिंग) लागतं. ठोक जाणवली की संगणक ठिणगीची वेळ मागे घेतो आणि त्यात ॲव्हरेज जातं. टर्बो गाड्या छापील आकड्यापेक्षा जास्त घसरतात त्याचं कारण बहुतेक वेळा उजवा पाय असतो. हलक्या पायाने त्या १७ देतील, वारंवार पूर्ण दाबल्या तर ११.

उन्हाळा आणि एसी

मार्च ते जून या काळात शहरात एसी १० ते १५ टक्के घेतो, कधी त्याहून जास्त. हायवेला हाच वाटा पाच टक्क्यांच्या आसपास राहतो, कारण तिथे इंजिनावर मुळातच भार जास्त असतो. ४० च्या वर तापमान असताना एसी बंद ठेवून गाडी चालवण्याचा सल्ला आम्ही देणार नाही. तापलेला, थकलेला चालक जास्त महागात पडतो. एसीचं काम हलकं करणं मात्र शक्य आहे.

उन्हात तापलेल्या गाडीत बसलात की चारही काचा खाली करा, ब्लोअर जोरात लावा आणि पहिलं मिनिट-दोन मिनिटं तसंच चालवा. आतली हवा बाहेरच्या हवेपेक्षा कितीतरी गरम असते, ती आधी बाहेर जाऊ द्या. मग काचा बंद, एसी चालू, आणि लगेच आतलीच हवा फिरवणारं बटण. हे बटण न दाबता बेचाळीस अंशांची हवा सतत गार करत राहणं ही सर्वसाधारण चूक आहे. ऑटोमॅटिक एसी २४-२५ वर ठेवा. पुढच्या काचेला चकचकीत पडदा आणि लिंबाची सावली यांनी होणारं काम कुठलंही महागडं उपकरण करत नाही.

एसीचा कंडेन्सर पुढच्या जाळीमागे असतो. कापसाच्या हंगामातला कचरा, रात्रीच्या प्रवासातले किडे आणि धूळ यांनी त्याच्या बारीक पट्ट्या भरतात. मग एसी गार करत नाही, कॉम्प्रेसर जास्त वेळ चालतो, पंखा सतत फिरतो. वर्षातून दोनदा, होळीच्या सुमाराला आणि दिवाळीनंतर, साध्या नळीच्या पाण्याने तो धुवा. प्रेशर वॉशर जवळून मारला की पट्ट्या वाकतात आणि कायमचं नुकसान होतं. केबिन फिल्टर ग्लोव्हबॉक्समागे असतो, बहुतेक गाड्यांत तो दहा मिनिटांत हातानेच बदलता येतो.

एसी चालू ठेवून उभी असलेली गाडी तासाला साधारण एक लिटर पिते. रेल्वे फाटकावर वीस मिनिटं म्हणजे तीनशे मिलिलिटर. आपोआप इंजिन बंद करणारी सोय उन्हाळ्यात बऱ्याचदा काम करत नाही, कारण केबिन गार ठेवायला संगणक इंजिन चालूच ठेवतो. हा बिघाड नाही. हिवाळ्यातही ती चालेना झाली तर मात्र बॅटरी तपासून घ्या.

टायरची हवा

ड्रायव्हरच्या दाराच्या चौकटीवर स्टिकर असतो, त्यावरचा आकडा प्रमाण. बऱ्याच कॉम्पॅक्ट एसयूव्हींना तो ३३ पीएसआयच्या आसपास असतो. हा आकडा थंड टायरचा आहे. म्हणजे गाडी किमान तीन तास उभी असावी किंवा दोन-तीन किलोमीटरपेक्षा जास्त चाललेली नसावी. दुपारी धावून आलेल्या टायरमध्ये चार-पाच पीएसआय जास्त दिसतात. ते बघून पंपावरच्या पोराने हवा काढून ३३ केली, की दुसऱ्या दिवशी सकाळी टायर २८-२९ वर असतो. गरम टायरमधून हवा कधीच काढू देऊ नका. तापमान दहा अंशांनी बदललं की साधारण दीड-दोन पीएसआय बदलतात, त्यामुळे मे महिन्यात भरलेली हवा डिसेंबरच्या परभणीतल्या पहाटे कमी निघणारच. स्वतःचा डिजिटल गेज घ्या, पाचशे रुपयांच्या आत मिळतो, आणि पंधरा दिवसांतून एकदा सकाळी घरासमोर बघा.

शेतरस्त्यावर गाडी जात असेल तर वेड्या बाभळीचा काटा धरूनच चाला. ट्यूबलेस टायरमध्ये तो मोडून बसतो आणि हवा आठवड्याला तीन-चार पीएसआय अशी हळूहळू जाते. टायर बघून कळत नाही. महिन्याला एक-दोन पीएसआय कमी होणं नैसर्गिक आहे. एकाच टायरमध्ये त्याहून जास्त जात असेल तर साबणाचं पाणी मारून बुडबुडे शोधा, व्हॉल्व्हच्या तोंडाशीही. चारही टायर २५-२६ वर चालवले तर दोन-तीन टक्के पेट्रोल जातं आणि टायरच्या दोन्ही कडा लवकर झिजतात. समृद्धीच्या काँक्रीटवर १०० च्या वेगाने असा टायर तापून फुटू शकतो, तो धोका पेट्रोलपेक्षा मोठा आहे. नायट्रोजनने ॲव्हरेज वाढत नाही. हवा योग्य असली की झालं.

दहा हजार किलोमीटरला किंवा मोठ्या खड्ड्यात चाक आपटल्यावर अलाइनमेंट करा. पुढच्या टायरच्या नक्षीवरून तळवा आडवा फिरवा. एका दिशेने गुळगुळीत आणि उलट फिरवताना करवतीसारखं लागलं, तर चाकं सरळ चालत नाहीत, घासत चालली आहेत.

गाडीतला दोष शोधण्याचा क्रम

वरचं सगळं करूनही तीन टाक्यांची सरासरी आधीपेक्षा १५ टक्के खाली असेल तर दोष गाडीत आहे असं समजा. खर्च नसलेल्या तपासणीपासून सुरू करा.

पहिली तपासणी अडकलेल्या ब्रेकची. दहा किलोमीटर मोकळ्या रस्त्यावर चालवा, शेवटी ब्रेक फारसा न दाबता गाडी थांबू द्या, मग उतरून चारही चाकांच्या रिमजवळ तळहात धरा. डिस्कला हात लावू नका. एक चाक बाकीच्यांपेक्षा ठळकपणे गरम असेल तर त्याचा ब्रेक सुटत नाही. जॅक लावून चाक हाताने फिरवलं की खात्री पटते. कारणं ठरलेली: कॅलिपरच्या (ब्रेक पॅड डिस्कवर दाबणाऱ्या भागाच्या) पिना धूळ बसून कोरड्या पडलेल्या, हँडब्रेकची केबल जास्त ताणलेली, आणि पावसाळ्यात काळ्या रानातून गाडी नेली असेल तर चाकाच्या आतल्या बाजूला घट्ट बसलेला चिखल. काळी माती वाळली की सिमेंटसारखी होते. ती ब्रेकची हालचाल अडवते आणि चाकाचा तोलही बिघडवते. गाडी धुताना रिमच्या मागच्या बाजूने पाणी मारायला सांगा.

दुसरा दोष मराठवाड्यात फार दिसतो आणि फार थोड्यांना माहीत असतो: काढून टाकलेला थर्मोस्टॅट, म्हणजे इंजिन तापेपर्यंत कुलंट (इंजिन गार ठेवणारा द्रव) रेडिएटरकडे जाऊ न देणारी झडप. उन्हाळ्यात गाडी तापते म्हणून काही मिस्त्री तो काढून फेकतात. गाडी तापायची थांबते, पण हायवेला इंजिन ६५-७० अंशांवरच राहतं. त्याला ८५ ते ९५ पर्यंत पोहोचायचं असतं. ते पोहोचलं नाही की संगणक इंजिन थंड आहे असं धरून जादा पेट्रोल देत राहतो, ऑइलही जाड राहतं. तापणाऱ्या गाडीचा खरा इलाज रेडिएटर साफ करणं, कुलंट योग्य प्रमाणात भरणं आणि पंखा तपासणं हा आहे. थर्मोस्टॅट परत बसवून घ्या.

हे घरच्या घरी कळायला ब्लूटूथवर चालणारा, गाडीच्या संगणकातले आकडे वाचणारा छोटा ओबीडी रीडर घ्या. डॅशबोर्डखाली, ड्रायव्हरच्या पायाजवळ सोळा पिनांचं सॉकेट असतं, त्यात तो बसतो आणि मोबाइलवर आकडे देतो. दोन आकडे बघा. एक कुलंटचं तापमान, वीस मिनिटं चालवल्यावर. दुसरा लाँग टर्म फ्युएल ट्रिम, म्हणजे संगणक ठरलेल्यापेक्षा किती टक्के पेट्रोल वाढवतो किंवा घटवतो आहे ते. उणे-अधिक पाचच्या आत असेल तर छान. अधिक दहाच्या वर गेला तर कुठून तरी न मोजलेली हवा आत शिरते आहे, पंपाचा दाब कमी आहे किंवा हवा मोजणारा सेन्सर धुळीने माखला आहे. उणे दहाच्या खाली गेला तर इंजेक्टर गळतो आहे किंवा ऑक्सिजन सेन्सर चुकीचं सांगतो आहे. हा आकडा सर्व्हिस सेंटरला दाखवलात तर तुमच्याशी वेगळ्या पातळीवर बोललं जातं. रीडर काम झालं की काढून ठेवा, नाहीतर उभ्या गाडीची बॅटरी खातो.

ऑइलबाबत आग्रही राहा. नव्या पेट्रोल इंजिनांना पुस्तिकेत ०डब्ल्यू-१६, ०डब्ल्यू-२० किंवा ५डब्ल्यू-३० असं पातळ ऑइल सांगितलेलं असतं. तालुक्याच्या गॅरेजमध्ये बॅरलमधलं २०डब्ल्यू-४० किंवा २०डब्ल्यू-५० सगळ्यांना टाकतात, ‘आपल्याकडे ऊन जास्त, जाड ऑइल बरं’ असं म्हणून. त्याने दोन ते चार टक्के ॲव्हरेज जातं आणि बारीक वाटा असलेल्या इंजिनात वरपर्यंत ऑइल पोहोचायला उशीर होतो. बंद डबा समोर उघडून टाकून घ्या, डिपस्टिकवर वरच्या खुणेच्या पुढे भरू देऊ नका.

एअर फिल्टरबद्दल एक गैरसमज आहे. इंजेक्शनच्या पेट्रोल गाडीत फिल्टर तुंबला की आधी पिकअप जातो, ॲव्हरेज थेट फार पडत नाही. तरीही आपल्या धुळीत तो पुस्तिकेतल्या अंतराच्या निम्म्यावर बदला. कारण इंजिनाचं आयुष्य हे आहे. हवेच्या दाबाने झटकून पुन्हा वापरलेल्या कागदी फिल्टरला बारीक भोकं पडतात आणि तिथून जाणारी धूळ सिलिंडर घासते. प्लग पुस्तिकेत सांगितलेल्या अंतरालाच बदला, इरिडियमचे प्लग मिस्त्रीला घासून साफ करू देऊ नका.

ई२० पेट्रोल

२०२५ पासून पंपावर मिळणारं साधं पेट्रोल २० टक्के इथेनॉलचं आहे. इथेनॉलमध्ये लिटरमागे पेट्रोलपेक्षा सुमारे एक तृतीयांश ऊर्जा कमी असते. म्हणून शुद्ध पेट्रोलच्या तुलनेत ई२० मध्ये सहा-सात टक्के आणि आधीच्या १० टक्के मिश्रणाच्या तुलनेत तीन-साडेतीन टक्के ऊर्जा कमी मिळते. २०२२ च्या नोंदी आणि आजच्या नोंदी ताडताना हा फरक आधी वजा करा, नाहीतर नसलेला बिघाड शोधत बसाल. इथेनॉल पाणी ओढतं, म्हणून महिनोन्‌महिने उभ्या राहणाऱ्या गाडीत टाकी अर्धी ठेवू नका. २०२३ पूर्वीच्या गाडीत रबरी नळ्या आणि जोडांपाशी ओलावा किंवा वास येतो का, हे प्रत्येक सर्व्हिसला बघायला सांगा.

डिझेल असेल तर

डिझेल कॉम्पॅक्टचं हायवेचं ॲव्हरेज २० च्या वर आरामात जातं, पण फक्त शहरात चालवली तर धुराची काजळी अडवणारा फिल्टर, म्हणजे डीपीएफ, वारंवार भरतो. तो जाळून साफ करायला गाडी जादा डिझेल वापरते. थांबलेल्या गाडीचे फेरे नेहमीपेक्षा वर, पंखा जोरात, जळका वास, ही ती प्रक्रिया चालू असल्याची खूण. तेव्हा चावी बंद करू नका. आठवड्यातून एकदा बायपासवर २०-३० मिनिटं, ६० च्या वर, फेरे २,००० च्या आसपास ठेवून चालवा. दिवसाला चार-पाच किलोमीटरच चालवणाऱ्याने डिझेल घेऊच नये.

पेट्रोलच्या नळीला लावायची चुंबकं, सिगारेट लायटरच्या सॉकेटमध्ये बसणारे ‘फ्युएल सेव्हर’ आणि टाकीत ओतायच्या ॲव्हरेजच्या बाटल्या यांवर रुपया घालू नका. त्या पैशात डिजिटल गेज आणि ओबीडी रीडर दोन्ही येतात. सर्व्हिसला गाडी देताना जॉब कार्डवर ‘ॲव्हरेज कमी’ असं मोघम लिहू देऊ नका. तीन टाक्यांचे किलोमीटर आणि लिटर, हायवेचा वेग, कुलंटचं तापमान, ट्रिमचा आकडा आणि कुठलं चाक गरम होतं ते लिहायला लावा, आणि त्या कागदाचा फोटो स्वतःकडे ठेवा.